आधी अर्धा फेरा उलटा

६ जानेवारी २०२५

ही वही ह्यांची. पाटबंधारे खात्याची पाण्याची नोंदवही, कोरीच राहिलेली. प्रत्येक पानावर रकाने छापलेत: तारीख, वेळ, पाण्याची उंची, शेरा. मी रकान्यांची पर्वा न करता आडवं लिहिते आहे. ह्यांना हे चाललं नसतं. रकान्याबाहेर आकडा गेला तर ते पान बदलायचे.

लिहायचं कारण घडलं म्हणून लिहिते. आज नगरहून पंकजा नावाची मुलगी आली. तिशीची असेल, केस कापलेले, बोलायला साधी. ती माहितीपट करते आहे. आमच्या कालव्याचं पाणी कोणाला मिळतं, कोणाला नाही, आणि हे ठरवतं कोण, असा विषय. मी विचारलं, "म्हणजे राजकारणाचं हाय का?" म्हणाली, "पाण्याचं आहे काकू, म्हणजे राजकारणाचंच."

त्यात १९९३ सालची गोष्ट घ्यायची आहे. त्या मे महिन्यात बोरटाकळीच्या बायकांनी आमच्या गावाजवळचं गेट उघडून पाणी खाली नेलं होतं. बोरटाकळी टेलला, म्हणजे कालव्याच्या शेवटाला. आम्ही हेडला, म्हणजे सुरुवातीला. बायकांची पुढारी होती आक्काबाई. ती गोष्ट कोणीतरी करून दाखवायची आणि कॅमेऱ्यात घ्यायची, असं पंकजाच्या मनात आहे. आक्काबाई ऐंशीच्या पुढं गेली, तिला आता गेट फिरवता येणार नाही.

आणि आक्काबाईचं काम मी करायचं!

मला हसू आलं. म्हटलं, "अगं, गेट सांभाळणाऱ्या ज्या पाटकऱ्याच्या झोपेत त्या बायकांनी पाणी नेलं, त्याची बायको मी. तुला कोणी सांगितलं नाही का?" ती म्हणाली, "माहीत आहे. आक्काबाईंनीच तुमचं नाव सांगितलं. दुसरी कोणी नको म्हणाल्या."

आक्काबाईला मी आयुष्यात दोनदा पाहिलं, दोन्ही वेळा काष्टीच्या बाजारात. दोन्ही वेळा मीच तोंड फिरवलं. पण ती उंच आहे आणि मीही उंच आहे. तेच तिच्या लक्षात राहिलं असणार.

हो म्हणून बसले. का म्हणाले, कळत नाही. अश्विनी, माझी सून, टाळ्या वाजवून म्हणाली, "आई, हिरॉइन!"

८ जानेवारी

हनुमंतदादा आला होता. माझा थोरला भाऊ. माझं माहेर याच गावात, चार गल्ल्या पलीकडं, त्यामुळे बातमी पोचायला वेळ लागत नाही.

ओट्यावर बसल्या बसल्या म्हणाला, "बायडे, माझा कांदा जाळला त्या बाईनं. पाच एकर. आन तू तिचं सोंग घेनार?"

मी म्हटलं, "बत्तीस वर्षं झाली दादा."

"मला काय बत्तीस वर्षं वाटत न्हाई. झोपल्या पाटकऱ्यानं झोपावं आन त्याच्या बायकूनं नाचावं. बरं चाललंय तुमच्या घरचं."

ह्यांना तो समोरसुद्धा झोपल्याच म्हणायचा. 'काय झोपल्या, चहा घेतो का?' हे हसायचे आणि चहा घ्यायचे. सगळं गावच म्हणायचं. पोरांना ह्यांचं मच्छिंद्र नाव माहीत नव्हतं.

हर्षल, माझा मुलगा, मधे पडला. म्हणाला, "मामा, गेटची दोन मिनिटं असतील. करू द्या." त्याला मामाला दुखवायचं नाही. मार्चअखेर पाणी वापर संस्थेची निवडणूक आहे. कालव्याचं आवर्तन सुटलं की पाणी कोणाच्या शेतात कधी सोडायचं, ते ही संस्था ठरवते. हर्षल अध्यक्षपदाला उभा आहे आणि पॅनल हनुमंतदादाचं आहे.

१२ जानेवारी

सकाळी लोणच्याच्या बरणीचं झाकण अश्विनीला निघेना. मी हातात घेतलं, ह्यांच्यासारखं आधी थोडं उलटं फिरवलं, मग सरळ. निघालं. बरणी असो, नटबोल्ट असो, ह्यांचं एकच वाक्य: आधी अर्धा फेरा उलटा, मग सरळ. हर्षल लहानपणी नक्कल करायचा.

दुपारी पंकजाच्या गाडीतून बोरटाकळीला गेले. आक्काबाई बुद्धविहाराच्या शेजारी राहते. नातू प्रवीण शाळेत शिक्षक आहे, त्याचं घर. भिंतीवर बाबासाहेब, बुद्ध आणि एक जुना फोटो: नऊ बायका तालुक्याच्या कोठडीतून सुटून आल्या त्या दिवशीचा. नऊ दिवस आत होत्या. आमच्या गावात ते नऊ दिवस लोक मोजून आनंदात होते.

"ये गं पाटकरीनबाई," आक्काबाई म्हणाली. मला वाटलं टोमणा आहे. नव्हता. तिनं माझे दोन्ही हात हातात घेतले, उलटेपालटे केले. "व्हय. ह्या हातानं फिरंल."

गेट कसं उघडायचं ते तिनं मला बसल्या जागी शिकवलं. हवेत हँडल धरून म्हणाली, "जोर लावायचा न्हाई लगेच. आधी अर्धा फेरा उल्टा, मग सरळ. न्हाईतर आटा धरून बसतो."

मी म्हटलं, "आमचे मालकही असंच म्हणायचे." तिनं हवेतलं हँडल खाली ठेवलं. जुनी माणसं सगळीच असं म्हणत असतील.

मग एकदम तिनं विचारलं, "शेवटी लई तरास झाला का त्यांना?"

म्हटलं, "नाही. ओट्यावर बसले होते. चहा मागितला आणि मी आणेपर्यंत मान टाकली होती."

"म्हंजी झोपंत न्हाई गेले."

"नाही. जागेपणी."

तिनं पदरानं डोळे पुसले. प्रवीण म्हणाला, आजीला मोतीबिंदू आहे, सारखं पाणी येतं.

१५ जानेवारी

संक्रांत काल झाली. चार वर्षं झाली, मी वाण घ्यायला कोणाकडं जात नाही आणि कोणी बोलावत नाही. वाईट वाटून घ्यायचं मी सोडून दिलंय. दिवसभर वाचत बसले.

पंकजाला आश्चर्य वाटतं की मी शाळेत न जाता वाचते. त्यात आश्चर्य काही नाही. गेट उघडल्याच्या त्या प्रकरणानंतर ह्यांना तीन महिने निलंबित केलं, आणि मग बदली कोपरगावला. कामावर झोपल्याबद्दल. हर्षल दोन वर्षांचा, मी इथंच राहिले. ह्यांची पत्रं यायची आणि ती शेजारच्या मास्तरांकडून वाचून घ्यावी लागायची. मास्तर मोठ्यानं वाचायचे, 'तुला सांगण्यासारखे बरेच आहे परंतु पत्रात नको,' आणि मिशीत हसायचे. मला लाज वाटायची. दोन वर्षांत अक्षर अक्षर जोडून मी वाचायला शिकले. पण मी शिकले हे कळवल्यावर ह्यांची पत्रं छोटी झाली. पाऊस, तब्येत, हर्षलचं वजन. मग काय बरेच सांगण्यासारखे होते, ते राहिलंच.

२ फेब्रुवारी

शूटिंग. माझ्या आयुष्यातलं पहिलं आणि शेवटचं. हे नीट लिहायला हवं.

भल्या सकाळी गेटवर गेलो. गावापासून तीन किलोमीटर. एवढी वर्षं पाटकऱ्याची बायको म्हणून राहिले, पण गेटवर मी कधी गेले नव्हते. बाईमाणसाचं तिकडं काय काम, असं तेव्हा होतं. खात्यानं त्या प्रकरणानंतर शेजारी नवीन गेट बसवलं. जुनं तसंच उभं आहे, गंजून. त्याच्यापासून दहा पावलांवर ह्यांची चौकी, पत्र्याची.

आक्काबाईचा नवरा तेव्हा होता, म्हणून पंकजाच्या मदतनीस मुलीनं मला हिरव्या बांगड्या भरल्या. चार वर्षांनी. हात जड वाटला. कुंकू ती लावायला लागली तर खुर्चीत बसलेली आक्काबाई ओरडली, "मी तवाबी लावत नव्हते! छप्पन सालीच सोडलंया माझ्या आईनं. पुस ते."

पाटकऱ्याच्या कामाला कानिफनाथ होता, जत्रेतल्या नाटकात नेहमी विनोदी काम करतो तो. अंगात खाकी सदरा. त्यानं चौकीत आडवं होऊन घोरायचं, मी हळूच आत जायचं, त्याच्या उशाचं हँडल उचलायचं, बाहेर येऊन दगडानं कुलूप फोडायचं आणि गेट उघडायचं. कानिफनाथ घोरण्याची तीन प्रकारची तालीम करून आला होता. पंकजाला विचारतो, "म्याडम, साधं घोरू का शिट्टी मारून?" सगळे हसले. मीही हसले. मग माझं लक्ष खाली गेलं. त्याच्या पायाशी ह्यांच्यासारख्याच वहाणा होत्या.

पंकजानं भाड्यानं आणलेलं हँडल जुन्या गेटला बसेना. तेव्हा मला आठवलं, आमच्या मागच्या दाराला टेकण म्हणून जे लोखंड लावतो, ते ह्यांचं जुनं हँडलच आहे. गेट बदललं तसं ते खात्याच्या कामाचं राहिलं नाही. ह्यांनी घरी आणलं आणि कधी भंगारात घालू दिलं नाही. हर्षलला फोन केला. तो कुरकुरत मोटारसायकलवर घेऊन आला. बसलं. जसं काल काढलं होतं.

मी आक्काबाईनं सांगितल्याप्रमाणे केलं. अर्धा फेरा उलटा. मग सरळ.

गेट ओरडलं.

दुसरा शब्द मला सुचत नाही. लोखंडावर लोखंड घासून असा आवाज आला की पलीकडच्या बाभळीवरचे बगळे उठले. पंकजानं कानावर हात ठेवले. मी थांबले तर ती म्हणाली, "चालू ठेवा काकू, छान येतंय." फेऱ्यागणिक तो आवाज. मी मोजले, एकेचाळीस फेरे.

मी प्रवीणला विचारलं, तेल नाही म्हणून का? आक्काबाईनंच उत्तर दिलं. "तवाबी असंच वरडलं. टेलापत्तूर ऐकू जाईल असं वाटलं हुतं."

चौकीत कानिफनाथ अजून आडवा होता. पण आवाजानं त्याची घोरायची लय बिघडली आणि तो उठून बसला. "ह्यात कसं झोपायचं ओ?" म्हणाला. सगळे पुन्हा हसले.

मी नाही हसले.

ह्यांची झोप मला माहीत आहे. शेजारच्या गोठ्यात म्हैस उठली तरी हे उठायचे. मी कूस बदलली तरी विचारायचे, काय झालं.

३ फेब्रुवारी

बांगड्या परत द्यायच्या राहिल्या. उद्या देईन.

५ फेब्रुवारी

एसटीनं एकटीच बोरटाकळीला गेले. घरी सांगितलं, काष्टीला जाते.

आक्काबाई उन्हात बसली होती. मी पायरीवर बसले आणि सरळ विचारलं. "ते झोपले नव्हते ना?"

ती म्हणाली, "बस नीट. भाकर खाल्लीस का?"

"आधी सांगा."

तिनं सांगितलं ते असं. दोन आवर्तनं झाली तरी टेलला थेंब आला नव्हता. सगळं हेडलाच मुरत होतं. बोरटाकळीची पिण्याची विहीर आटली. बायका आदल्या दिवशी दुपारी चालत चौकीवर गेल्या, अकरा किलोमीटर. भांडायलाच गेल्या होत्या. ह्यांनी स्वतःच्या मडक्यातलं पाणी दिलं. नऊ बायकांत मडकं संपलं. मग ह्यांनी विचारलं, गावात लेकरं किती?

"बाकी काय इचारलं न्हाई बघ. लेकरं किती. मी म्हनले, दोनशे तरी असतील. तर म्हनले, पहाटं पाचला या. गेलो तर हँडल मांडीवर घेऊन बसलेले. मला फिरवायला शिकवलं. म्हनले, पानी सुटलं की कुलूप दगडानं फोडून टाका, कागदावर नीट बसंल. मी झोपलो हुतो म्हनून सांगतो. झोपल्याची शिक्षा थोडी असती. तवा मी म्हनले, झोपा आता दादा. तर पत्र्याकडं बघत आडवे झाले. साडेचार तास पानी आलं आमाला. इहीर भरली. मग जीप आली."

मी विचारलं, "मला का नाही सांगितलं?"

"मीबी तेच इचारलं हुतं. घरी सांगताल ना? तर म्हनले, तिच्या भावाचा कांदा हाय ह्या पान्यावर. तिला कळलं तर एकतर भावाला तोडंल न्हाईतर मला. ऱ्हाऊ दे तिला झोपल्याची बायकू. मी म्हनले, आन तिनं इचारलं तर? म्हनले, तिनं इचारलं तर सांगा. दुसऱ्या कुनाला सांगू नका." ती माझ्याकडं बघत राहिली. "बत्तीस वर्सं वाट बघितली बाई. तू आलीच न्हाईस. बाजारात तोंड फिरवून जायचीस. मग ही कॅमेऱ्याची पोरगी आली, म्हनलं बघू, आता तरी येते का."

म्हणजे उंचीचं काही नव्हतं.

भाकरी खाऊन आले. मेथीची भाजी होती.

७ फेब्रुवारी

हर्षलला सांगितलं. अश्विनी तिथंच होती. त्यानं मोबाईल उपडा ठेवला. मग म्हणाला, "आण्णा असं करतील असं वाटतं का तुला?"

म्हटलं, "वाटायचा प्रश्न नाही. गेटचा आवाज तू ऐकलास."

"बरं. मग आता काय?"

"पंकजाला सांगते. सीन पुन्हा घ्यावा लागेल. झोपलेला माणूस मी दाखवणार नाही."

तो उठून उभा राहिला. "आई, जरा समजून घे. आण्णा झोपले होते, हे गावानं केव्हाच माफ केलंय. हसून सोडून दिलंय. पण आण्णांनी जाणूनबुजून आपल्या गावाचं पाणी खाली दिलं, हे कोणी माफ नाही करणार. मामा तर नाहीच. आणि मी पाण्याच्याच निवडणुकीला उभा आहे. त्याच माणसाचा मुलगा म्हणून."

ते बरोबर होतं. मी त्याला तसं सांगितलंही.

"मग निवडणूक झाल्यावर सांग. पन्नास दिवसांनी काय बिघडतं? आण्णांना काय फरक पडणार आहे?"

तेही खरं होतं. ह्यांना काहीच फरक पडणार नाही.

९ फेब्रुवारी

पंकजाचा फोन. पुढच्या रविवारी शेवटचं शूटिंग, मग कॅमेरा दुसऱ्या कामाला जाणार. म्हणजे पन्नास दिवस थांबायचं तर झोपलेला पाटकरी फिल्ममध्ये कायमचा राहणार.

मी तिला अजून काही सांगितलं नाही. बोलावंसं वाटलं आणि म्हणाले, बांगड्या माझ्याकडं राहिल्यात.

११ फेब्रुवारी

दोन दिवस मन इकडून तिकडं. हर्षलनं या निवडणुकीसाठी वर्षभर माणसं जोडली. तो वाईट माणूस नाही. निवडून आला तर नीट काम करील. ह्यांनी मला भाऊ आणि नवरा यातून निवडायला लागू नये म्हणून तोंड मिटलं. आता मुलगा आणि नवरा यातून निवडायची वेळ आलीच. त्यांचं वाचवणं वाया गेलं म्हणायचं.

आणि एक गोष्ट मनात येते, ती लिहायला हात धजत नाही. नंतर.

१३ फेब्रुवारी

पंकजाला सगळं सांगितलं. तिनं फोनवर ते पुन्हा एकदा विचारून घेतलं. मग म्हणाली, "काकू, याचे परिणाम तुमच्यावर होतील." म्हटलं, होऊ देत. "हर्षलदादाला विचारलंत?" म्हटलं, विचारलं नाही, सांगितलं.

रात्री जेवताना हर्षलला सांगून टाकलं. त्यानं ताट सारलं नाही की काही नाही. सगळं जेवला, हात धुतला आणि म्हणाला, "ठीक आहे." तेव्हापासून माझ्याशी बोलत नाही.

१६ फेब्रुवारी

पुन्हा गेटवर. कानिफनाथाला बातमी कळली तशी त्याला वाईटच वाटलं. "म्हंजी माझं घोरनं कापलं? तीन दिवस तयारी केल्ती बाई." पण आक्काबाईनं त्याला काय काय झालं ते सांगितलं, तसा तो गंभीर झाला. फिल्म येईपर्यंत गावात बोलणार नाही म्हणाला आणि खाकी सदऱ्याची वरची गुंडी लावली. विचारलं, "गुंडी लावायचे का वो ते?" म्हटलं, लावायचे. उन्हाळ्यातसुद्धा.

तो हँडल मांडीवर घेऊन बसला. मी दारात उभी राहिले. माझं एकच वाक्य. आक्काबाईचंच. झोपा आता दादा.

मला ते येईना. तोंडातून दादा निघेना. नवऱ्याच्या जागी बसलेल्या माणसाला दादा कसं म्हणायचं? पंकजानं सात वेळा घेतलं. कानिफनाथ म्हणाला, "वैनी, मी मच्छिंद्रभाऊ न्हाई, कानिफ हाय. म्हना बिनधास्त." सगळे थोडे हसले. आक्काबाई खुर्चीतून म्हणाली, "तू तू होऊ नको गं. मी हो. मला तवा लई बरं वाटलं हुतं, एवढं ध्यानात ठेव."

आठव्या वेळी मी त्याच्या हातातून हँडल घेतलं आणि म्हणाले, "झोपा आता दादा." कानिफनाथ आडवा झाला, डोळे उघडे ठेवून. पत्र्याकडं बघत राहिला. हे त्याला कोणी सांगितलं नव्हतं, आक्काबाईच्या बोलण्यातून त्यानंच उचललं होतं.

बाहेर येऊन मी गेट उघडलं. एकेचाळीस फेरे. दोन बांगड्या फुटल्या. राहिलेल्या पंकजानं परत घेतल्या नाहीत.

२२ मार्च

आज जलदिन का काय आहे, म्हणून पंकजानं फिल्मचा छोटा तुकडा मोबाईलवर टाकला. मला आधी विचारलं होतं. म्हटलं, टाक. त्यात चौकी आहे, हँडल आहे आणि आक्काबाई बोलते आहे: पाटकरी जागा होता.

दुपारपर्यंत गावात सगळ्यांच्या हातात ते होतं. चार वाजता हनुमंतदादाकडून निरोप, की हर्षलनं पॅनलच्या बैठकीला येऊ नये. हर्षल सोप्यात बसून राहिला. मी चहा ठेवला, घेतला नाही. अश्विनी स्वयंपाकघरात येऊन हळूच म्हणाली, "आई, मला आण्णांचं बरं वाटलं. पण हे ह्यांना सांगू नका."

३० मार्च

मतदान. पॅनलनं शेवटच्या आठवड्यात हर्षलच्या जागी दुसऱ्याचा प्रचार केला. हर्षल एकटाच उभा राहिला, अर्ज मागे घेतला नाही. घेता आलाही नसता, मुदत गेली होती. मी मत देऊन आले. रांगेत माझ्या पुढच्या बाईनं मागं वळून पाहिलं आणि पुन्हा पुढं पाहिलं.

३१ मार्च

हर्षल पडला. एकट्याला मिळायची तेवढी मतं मिळाली, त्यापेक्षा थोडी जास्तच, असं अश्विनी म्हणते.

६ एप्रिल

काल संध्याकाळी बोरटाकळीला विहाराच्या अंगणात फिल्म दाखवली. मी, अश्विनी गेलो. हर्षल येणार नाही म्हणाला. मग आम्ही एसटीच्या थांब्यावर उभ्या असताना मोटारसायकल घेऊन आला आणि अश्विनीला म्हणाला, "तू बस मागं. आई, तू मधे."

स्वतःला पडद्यावर पाहणं बरं वाटत नाही. मी फार उंच दिसते आणि चालताना डावा खांदा पाडते. ह्यांनी कधी सांगितलं नाही. पण गेट ओरडलं तेव्हा अंगणातली लहान मुलं दचकली आणि म्हातारी माणसं नाही दचकली. त्यांना तो आवाज माहीत होता.

शेवटी नावं आली. मच्छिंद्र पाटकरी, त्यापुढं कानिफनाथ. आक्काबाई, त्यापुढं माझं. ह्यांचं नाव पहिल्यांदाच कुठंतरी झोपल्याशिवाय आलं. एक म्हातारा हर्षलजवळ आला, त्याचा हात धरला आणि धरूनच ठेवला. हर्षलला हात सोडवून घेता येईना आणि त्यानं सोडवूनही घेतला नाही.

७ एप्रिल

सकाळी हनुमंतदादा आला. त्या निरोपानंतर पहिल्यांदा. ओट्यावर न बसता अंगणातच उभा राहिला.

"बायडे, माझा कांदा गेला तो गेलाच. ते मी काय सोडनार न्हाई."

म्हटलं, "नको सोडू."

"पन अठ्ठावीस वर्सं मी त्याला तोंडावर झोपल्या म्हनलो. माझ्या घरी येऊन जेवला, माझ्या पोरीच्या लग्नात पंगती वाढल्या. एकदाबी उलटून बोलला न्हाई." त्याला पुढं काहीतरी म्हणायचं होतं. मागच्या दाराकडं बघून म्हणाला, "दार वाजतंय तुमचं," आणि गेला.

दार वाजत होतं खरं. हँडल सोप्यात होतं. अश्विनीला ते ह्यांच्या फोटोखाली ठेवायचं आहे, पुसून, हळद लावून. मी नको म्हटलं. हर्षलनं ते उचललं, मागच्या दाराला लावलं आणि परत जाताना विचारलं, "उलटा फेरा कशाला लागतो गं आधी?" म्हटलं, "आटा गंजून बसलेला असतो. आधी सैल करावा लागतो." तो म्हणाला, "हां."

आता ते राहिलेलं लिहिते.

फिल्ममध्ये सगळं आलं. गाव त्यांना काय म्हणायचं ते आलं, हनुमंतदादाचा कांदा आला. एक नाही आलं, कारण ते मी पंकजाला सांगितलंच नाही. बदलीचा हुकूम आला त्या दिवशी मी भाकऱ्या थापत होते. हे पिशवी भरत होते. भावाचा कांदा जळाल्याचा राग माझ्या मनात होता. मी तव्यावरून नजर न उचलता म्हणाले, "तिकडं तरी जागे राहा." ते थोडं थांबले. मला वाटलं काही बोलतील. मग पिशवी उचलली आणि "येतो" म्हणाले. त्यानंतरही मी तेच म्हणत आले. भांडणात, चेष्टेत, पाहुण्यांसमोर. चाळीस वर्षांच्या संसारात सगळ्यांत जास्त वेळा मीच म्हणाले असेन, कारण मीच सगळ्यांत जवळ होते.

ही वही त्यांची आहे, म्हणून एक ओळ त्यांच्या पद्धतीनं लिहिते. रकान्यात.

तारीख: १४ मे १९९३. वेळ: पहाटे पाच. पाण्याची उंची: माहीत नाही. शेरा: पाटकरी जागा होता.